बदली, खो आणि रेंजचा दगड

एप्रिल संपत आला की आमच्या जिल्ह्यातल्या कर्मचाऱ्यांच्या तब्येती एकदम बिघडायच्या. कुणाला मणक्याचा त्रास, कुणाला दमा, कुणाची सासू अंथरुणाला खिळलेली. मे महिन्यात बदल्या झाल्या की जून उजाडता उजाडता सगळे ठणठणीत. सासवासुद्धा. डॉक्टर मंडळी पावसाळी साथींबद्दल बोलतात, मी ही उन्हाळी साथ अख्ख्या नोकरीत दरसाल पाहिली.

मी जिल्ह्याच्या एका सरकारी कार्यालयात आस्थापना शाखेत होते. आस्थापना म्हणजे कुणाची नेमणूक कुठे, कुणाची रजा किती आणि कुणाची बदली कधी, हे सांभाळणारी शाखा. लोक मला तांबोळी मॅडम म्हणत. पाठीमागे 'बदलीवाल्या बाई' म्हणत, हे मला ठाऊक होतं आणि खरं सांगायचं तर त्याचा थोडा रुबाबही वाटायचा. नाशिक रोडहून निघायचं, द्वारका चौकातल्या गर्दीत रिक्षात बसून घाम पुसायचा आणि टेबलाशी पोहोचेपर्यंत कॉरिडॉरमध्ये चार-दोन माणसं 'मॅडम, फक्त दोन मिनिटं' म्हणत उभी असायची. ती दोन मिनिटं जेवणाच्या सुट्टीपर्यंत चालत.

ईदेला तर विचारूच नका. आमच्या घरी शीरखुर्मा प्यायला इतकी माणसं यायची की शेजारच्यांना वाटायचं, बाईंचा गोतावळा केवढा! बघायला गेलं तर निम्मे त्या वर्षी बदलीला पात्र. मी दारातच सांगून ठेवायचे, 'या, बसा, पोटभर प्या. बदलीचं नाव काढलंत तर वाटी परत घेईन.' एका ग्रामसेवकाची खरंच घेतली होती. बिचारा अर्धी वाटी प्यायला होता.

नवरा-बायको दोघं नोकरीत असतील तर त्यांना शक्यतो जवळजवळ ठेवायचं, असा नियम आहे. त्यावरून एक गृहस्थ आले. खुर्ची पुढे ओढून हळू आवाजात म्हणाले, 'मॅडम, आमचं एकत्रीकरण नको. काही तरी त्रुटी काढा ना. तुमचे उपकार विसरणार नाही.' मी म्हटलं, 'त्रुटी तुमच्यात काढू की तिच्यात?' आता दोघं एकाच गावात आहेत आणि दिवाळीला मला जोडीने नमस्कार करायला येतात. गृहस्थ नमस्कार करताना माझ्याकडे बघत नाहीत.

असो. बाहेरच्या माणसाला आमचा धंदा समजावा म्हणून थोडं सांगते. जिल्ह्यातली गावं आमच्या लेखी दोन प्रकारची, सोपी आणि अवघड. डोंगर, रस्त्याची वानवा, पावसात तुटणारा संपर्क, मोबाइलला रेंज नाही, अशा अटींपैकी किमान तीन पुऱ्या झाल्या की गाव अवघड. त्यात एक जरी कमी पडली की सोपं. अवघड गावात ठरलेली वर्षं काढली की माणसाला हक्क मिळतो. तो सोप्या गावातली एखादी जागा मागू शकतो, आणि तिथे वर्षानुवर्षं बसलेल्या माणसाला उठावं लागतं. याला आमच्यात 'खो देणं' म्हणतात. खो बसला की उठायचं आणि रिकामी झालेली जागा धरायची. खेळात पोरं हसत उठतात, आमच्याकडे थेट मंत्रालयात फोन करतात.

या नियमाची गंमत अशी, की अवघड गावातल्या कर्मचाऱ्यांना विकासाची धास्ती बसते. एक ग्रामसेवक माझ्यासमोर बसून डोळे पुसत म्हणाले होते, 'मॅडम, डांबर पडलं हो!' मला आधी वाटलं, कुणी तरी गेलंच. हक्काला थोडे महिने उरले होते आणि गावाला पक्का रस्ता झाला होता. गाव आनंदात, ग्रामसेवक सुतकात.

आता ज्यासाठी लिहायला बसले, ती गोष्ट. मनीषा अहिरे नावाची एक आरोग्यसेविका होती, म्हणजे उपकेंद्रातली नर्स. माहेर बागलाणकडचं, सासर नाशिक रोडला, नेमणूक सुरगाण्याच्या पार वरच्या टोकाला, गुजरातला टेकलेल्या एका पाड्यावर. पाड्याचं नाव सांगत नाही, आपण वरचा पाडा म्हणू. तिची तिथली वर्षं भरली होती. नाशिक रोडजवळच्या पिंपळवाडीला तिला यायचं होतं. पिंपळवाडीत शोभा बोरसे नावाच्या आरोग्यसेविका किती तरी वर्षं होत्या, म्हणजे खो त्यांना बसणार. सगळं नियमात होतं. तेवढ्यात तक्रार आली, की वरचा पाडा आता अवघड राहिलेला नाही, तिथे मोबाइलचा टॉवर झालेला आहे आणि भरपूर रेंज आहे.

पाड्याला रस्ता आधीच झाला होता. 'रेंज नाही' या एकाच अटीवर त्याचं अवघडपण लटकलेलं. ती अट गेली तर मनीषाचा हक्क गेला, शोभाताई जागच्या जागी. तक्रार कुणी केली, हे सांगायला ज्योतिषी नको. शोभाताईंचे यजमान, बोरसे भाऊसाहेब, ठेकेदार माणूस, पांढरे बूट, दोन्ही हातांत फोन. स्वतः पाड्यावर जाऊन त्यांनी व्हिडिओ काढून आणला होता. त्यात ते एका दगडावर उभे राहून मोठमोठ्याने बोलत होते, 'हॅलो, हॅलो, हां, एकदम क्लिअर!'

मनीषा कार्यालयात आली तेव्हा भांडली नाही, रडलीही नाही. नुसती उभी राहिली. मी म्हटलं, 'अगं बोल ना, रेंज आहे का नाही?' ती म्हणाली, 'मॅडम, रेंज असती ना, तर मी अजून चार वर्षं तिथं काढली असती.' एवढं बोलून गेली. मला तेव्हा त्याचा अर्थ लागला नाही, आणि अर्थ लागला नाही की मला चैन पडत नाही. साहेबांना सांगून तपासणी लावून घेतली. मी आणि गांगुर्डे नावाचे एक तरुण इंजिनिअर, अशी आमची समिती.

सुरगाण्यापासून पुढे जीप. घाटात गांगुर्डेंच्या फोनवरच्या रेघा एक एक करून गळाल्या. ते खुशीत म्हणाले, 'मॅडम, काम सोपं आहे, नाहीच आहे रेंज.' पाड्यावर पोहोचलो तर लाल-पांढरा रंग दिलेला टॉवर दिमाखात उभा. त्याच्या पायथ्याशी शेळ्या सावलीला बसलेल्या. त्याला वीज कुठून आली आहे म्हणून गांगुर्डे वायर शोधत टॉवरभोवती फिरले. वायर नव्हतीच. टॉवर होता, त्याला कनेक्शनच नव्हतं.

मी म्हटलं, झालं, लिहा आणि चला. पण गाव जमलं होतं. सरपंच लक्ष्मण पुढे आले, टोपी सारखी करून म्हणाले, 'रेंज हाय ना मॅडम! लय हाय!'

'कुठे आहे?'

'समद्या गावात हाय. या, दावतो.'

आणि आम्हाला घेऊन निघाले. पाठीमागून अख्खं गाव, 'हाय, हाय, फुल हाय' करत. मनीषा उपकेंद्राच्या दारात उभी, चेहरा पांढराफटक. मला काही कळेना. ज्या गावाच्या टॉवरला वायरसुद्धा नाही, ते गाव रेंज आहे म्हणून का आनंदाने सांगतंय? बोरसेंनी पैसे चारले म्हणावं, तर या लोकांच्या तोंडावर तसलं काही दिसेना. खोटं बोलायचीही सवय लागते. यांना ती नव्हती. लक्ष्मण बोलताना माझ्या चपलेकडे बघत होते.

गावाबाहेर चढावर तो दगड होता. व्हिडिओतला. वर एकच माणूस उभा राहील एवढा, पाय घासून गुळगुळीत झालेला. त्यावर चढून पश्चिमेकडे तोंड केलं की रेंज येते, म्हणाले. गांगुर्डे चढले. फोन टुणकन वाजला. त्यांनी वाचलं आणि हसू दाबत मला दाखवलं. गुजरातमध्ये तुमचं स्वागत आहे, असा मेसेज. पलीकडच्या राज्यातली रेंज, तीही उधार. दगडावरून उतरले की फोन मुका.

मी लक्ष्मणना म्हटलं, 'हे गावात रेंज आहे म्हणायचं का?'  मग मी मनीषाला बोलावलं. 'चल, चढ. घरी लाव फोन. मला बघायचंय.'

ती म्हणाली, 'राहू द्या ना मॅडम.' मी ऐकते होय! चढली. व्हिडिओ कॉल लावला. पलीकडे तिची सासू, आणि सासूच्या मांडीवर एक सात-आठ वर्षांची पोर, दोन्ही कानांना मशीन लावलेली. तेव्हा मला उलगडलं. पोरीला जन्मापासून ऐकू येत नव्हतं. मशीन लागल्यापासून आवाज कळू लागले होते, नाशिकला बोलायचं शिक्षण सुरू होतं. पण नुसत्या फोनवरचं बोलणं तिला कळत नाही. समोरच्याचे ओठ दिसावे लागतात. आईचे ओठ दिसले तर आईचं बोलणं.

'परी,' मनीषा म्हणाली, 'जेवलीस का?' पोरगी पडद्याला नाक लावून बघत होती. आणि चित्र अडकलं. तिकडे मनीषाचं तोंड अर्धं उघडं तसंच थांबलं असणार, कारण इकडे पोरीचा चेहरा घाबराघुबरा झाला आणि तोही तसाच थांबला. आवाज मात्र येत राहिला. सासू सांगत होती, 'रडू नको, आई आहे, आई आहे.' मनीषाने फोन बंद केला आणि पदराने काच पुसत बसली. काचेवर काही नव्हतं.

माझ्या शेजारी रायाबाई उभ्या होत्या. पाड्यावरच्या जुन्या सुईण. मनीषाच्या आधी गावातली बाळंतपणं त्यांनीच केलेली, आणि आता बाळंतपण निघालं की मनीषाला बोलवायला त्याच पळायच्या. नर्सबाईला पोर आहे, हे गावाला माहीत होतं. पोर अशी आहे, हे तिने कुणाला सांगितलंच नव्हतं. रायाबाईंनी पडदा पाहिला होता. त्या वळून लक्ष्मणवर कडाडल्या, 'लक्ष्मण, खरं सांग मॅडमला! नायतर मी सांगते!'

लक्ष्मणनी टोपी काढली. 'तो पांढऱ्या बुटाचा मानूस आलता. बोलला, रेंज हाय म्हना, मंग तुमची नर्सबाई कुटं जात नाय. आमाला ती जायला नको मॅडम. दुसरं काय नाय.'

मला हसू यावं की रडू, ते कळेना. बाई आवडते म्हणून गावाने तिला अडकवून ठेवलं होतं. रायाबाई म्हणाल्या, 'लिवा, रेंज नाय. पोरीची आय पोरीकडं गेली पायजे. पण मॅडम, ही गेली तं कोन येल? मागल्या टायमाला बाई गेली, तवा दोन पावसाळे दवाखान्याला कुलूप व्हतं. माझी सून त्यातल्याच एका पावसाळ्यात बाळंतपनात गेली.'

खरं सांगते, इतकी वर्षं मी बदल्यांचे नियम तोंडपाठ म्हणत आले, पण त्या बाईच्या प्रश्नाला त्यात उत्तर नव्हतं. नियमात कर्मचाऱ्याची वर्षं मोजतात, आजार मोजतात, नवरा-बायकोतलं अंतर मोजतात. गावाला काय वाटतं, ते लिहायला जागाच नाही. खो बसलेली माणसं डोंगरावर जाऊन हजर होतात आणि आठवड्याने रजेवर खाली उतरतात, हे मी डोळ्यांनी पाहत होते. त्याची खंत अजून जात नाही. मी रायाबाईंचा हात धरला आणि म्हटलं, 'येईल. येणारी बाई राहील, हे मी बघते.' जीपमध्ये बसल्यावर गांगुर्डे म्हणाले, 'मॅडम, हे कसं बघणार तुम्ही?' मी त्यांना गप्प बसायला सांगितलं, कारण मलाही माहीत नव्हतं.

रेंज नाही, असा अहवाल गेला. दुसऱ्याच दिवशी बोरसे भाऊसाहेब टेबलापुढे. 'मॅडम, आमचं वर बोलणं झालंय.'

'कुठल्या दगडावरून?' मी विचारलं.

शाखेतली सगळी माणसं एकदम फायलींत डोकं घालून बसली. भाऊसाहेब गेले. पण ते गेल्याने माझा प्रश्न सुटणार नव्हता, म्हणून मी शोभाताईंना एकटीला बोलावलं. चहा मागवला. टॉवर, दगड, परी, रायाबाई, सगळं सांगितलं. नवऱ्याने केलेला उद्योग त्यांना माहीत नव्हता. ऐकून त्या लाजेने लालबुंद झाल्या. चहाचा कप बाजूला सारला. मला वाटलं, आता गुडघ्याचं सर्टिफिकेट निघणार.

त्यांनी विचारलं, 'मॅडम, तिथं अजून बाळंतपणं घरी होतात का?'

'मनीषा आल्यापासून कमी झालीत. बाई नसली की परत होतात.'

'आणि पावसात अ‍ॅम्ब्युलन्स कुठपर्यंत येते?'

'ओढ्यापर्यंत.'

'मग आधीच खाली आणून ठेवायला पाहिजेत बायका,' त्या स्वतःशीच म्हणाल्या. तेव्हा मी निश्चिंत झाले. राहायची खोली कशी आहे, हे त्यांनी विचारलंच नव्हतं. जाताना दारात थांबून म्हणाल्या, 'घरात मीच सांगते. तुम्ही ह्यांच्याशी बोलू नका, तुमचं तोंड फार तिखट आहे.'

पुढचं आधीच सांगून टाकते. शोभाताई गेल्या आणि राहिल्या. पहिले काही दिवस रायाबाई रोज सकाळी दार वाजवून बघायच्या, बाई आहे की पळाली. आता दोघींची इतकी गट्टी आहे, की शोभाताई सुट्टीवर आल्या तर नागलीचे पापड घेऊन येतात आणि रायाबाईंच्याच गोष्टी सांगत बसतात. मी निवृत्त झाले त्याच्या पुढच्या ईदेला बोरसे भाऊसाहेब घरी आले. चेहरा उतरलेला. बूट तेच. मी वाटी पुढे केली. ते सुस्कारा टाकून म्हणाले, 'मॅडम, टॉवर चालू झाला हो! रेंज आली! आता हिचं गाव सोप्यात जाईल, हक्काची वर्षं कुठून भरायची?' मी इतकी हसले की शीरखुर्मा साडीवर सांडला. नियम असा होता की बदलीचं नाव काढलं की वाटी परत. पण त्या दिवशी मी त्यांना दुसरी वाटी दिली.

आता सभागृहातला तो दिवस.

बदल्या समोरासमोर होतात. पडद्यावर गावांची नावं, पुढे अधिकारी, मध्ये माईक, बाजूला कॅमेरा. नाव पुकारलं की कर्मचाऱ्याने माईकपाशी यायचं आणि हवं ते गाव स्वतःच्या तोंडाने सांगायचं. एक नियम मी स्वतः भांडून आणला होता, मागून कुणी बोललं तर ग्राह्य धरायचं नाही. कारण बायका माईकपाशी उभ्या राहायच्या आणि मागून नवरे ओरडून गावं निवडायचे. एका बाईला तर नवऱ्याने त्याच्या आईच्या गावाला पाठवलं होतं. तेव्हापासून माझा हुकूम, जिची बदली तिनेच बोलायचं.

मनीषाचं नाव पुकारलं. नवरा आणि परी भिंतीकडेच्या खुर्च्यांत बसलेले. मनीषा माईकपाशी आली आणि उभी राहिली. पडद्यावर पिंपळवाडी दिसत होतं. तिने तोंड उघडलं. ओठ हलले, आवाज आला नाही. पुन्हा ओठ हलले. डोळ्यांतून पाणी. इतक्या वर्षांनी ते एक नाव घ्यायचं होतं.  साहेबांनी घड्याळाकडे बघितलं. 'बाई, गाव सांगा. नाही तर पुढचं नाव घ्यावं लागेल.'

नवऱ्याने तोंड उघडलं, मी डोळे वटारले, त्याने मिटलं. माझाच नियम.  पाणी आणायला शिपायाला खूण करते तोवर परी खुर्चीवरून उतरली. सरळ चालत माईकच्या पुढे जाऊन उभी राहिली आणि मान वर करून आईच्या तोंडाकडे बघू लागली. मनीषाचे ओठ तिसऱ्यांदा हलले.

'पिंप... वा... डी!' परी ओरडली. थोडं जाड, थोडं तुटक, पण शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचेल एवढं मोठं. मग आपलं बरोबर आलं का, ते बघायला तिने आईकडे पाहिलं आणि पुन्हा ओरडली, 'पिंपळ-वाडी!'

मनीषा खालीच बसली, पोरीला कवटाळून. साहेब चष्मा काढून पुसत होते. मग ते माझ्याकडे वळले आणि हळूच म्हणाले, 'मॅडम, आता काय करायचं? मागून कुणी बोललं तर ग्राह्य नाही, हा तुमचाच नियम.'

मी उभी राहिले. आवाज जमेल तेवढा कडक केला.

'मागून नाही बोलली साहेब,' मी म्हटलं. 'पोरगी समोर उभी राहून बोललीय. लिहून घ्या, पिंपळवाडी.'